दुसरीची अकरा वाक्यं

माझी नणंद काल माझ्याच बैठकीत, माझ्याच खुर्चीत बसून, मीच केलेला चहा पिऊन कॅमेऱ्यासमोर धडधडीत खोटं बोलली. एवढं वय झालं, गुडघे गेले, कवळी आली, पण पापणीसुद्धा लवली नाही बाईची. मी स्वयंपाकघराच्या दारात उभी होते. हातातली गाळणी कधी कलंडली ते कळलंच नाही. गरम चोथा पायावर पडला तेव्हा शुद्धीवर आले.

टीव्हीच्या जुन्या काळावर कार्यक्रम करणारी ती मुलगी, आम्ही तिला कार्यक्रमवालीच म्हणतो, तिनं अगदी सरळ विचारलं होतं. "आत्याबाई, त्या नाटकातलं ते दीड मिनिट. नायिका एक शब्द बोलत नाही, नुसती बघते, आणि शेजारीण बोलत राहते. ते गप्प राहणं आपण आधीच ठरवलं होतं असं त्या नायिकाबाई नेहमी सांगतात. खरं का?"

"हो तर," नणंद म्हणाली. "तिचंच डोकं ते. मी आपली बाजूला उभी होते."

बाजूला उभी होते म्हणे! खरं काय ते मला विचारा. त्या नाटकाची तालीम माझ्या ओट्यापाशी झाली होती.

तेव्हा टीव्ही काळापांढरा होता आणि नाटकं थेट दाखवायचे. चुकलं की चुकलं, पुसायची सोय नाही. आमच्या सबंध गल्लीत एकच संच, शिंप्याच्या दुकानात. नणंद पंचविशीची होती. चेहरा असा, की दहा बायकांत उभी राहिली तर मोजणाऱ्यानं नऊच सांगाव्यात. तिला ते ठाऊक होतं, आणि त्याचं तिला काही वाटायचं नाही. "वहिनी, नायिकेचा चेहरा लोकांनी बघायचा असतो. माझा लोकांनी ओळखायचा," म्हणायची. तीस वर्षांत ती नर्स झाली, खानावळवाली झाली, तुरुंगातली पहारेकरीण झाली, तीनदा नवरीची आई झाली आणि एकदा तर अख्खा अंक प्रेत होऊन पडली. तेही इतकं छान की शिंप्याची बायको रडली. शेजारीण किती वेळा झाली त्याची मोजदादच नाही. बाजारात लोक "अहो शेजारीण" म्हणूनच हाक मारायचे. भाजीवाला माझ्याशी हुज्जत घालायचा आणि तिला चांगली भाजी निवडून द्यायचा.

आणि कामाची पद्धत तर जगावेगळी. बाकीचे नट आपापली वाक्यं घोकतात. ही स्वतःची कधी पाठ करायचीच नाही. समोरच्याची करायची. सगळी! "समोरचा काय बोलणार ते मला ठाऊक असलं की माझं आपोआप येतं," म्हणायची. डोळ्यांनी वाचून तिला काही राहायचं नाही, कानानं राहायचं. म्हणून मी भाजी चिरता चिरता तिला सगळं वाचून दाखवायचे. मग ती बाकीच्यांचं म्हणायची आणि तिची वाक्यं मी. म्हणजे बघा, नर्स काय, शेजारीण काय, तिच्याआधी मी होऊन बसलेय.

आता माझी शाळा दुसरीपर्यंत. जोडाक्षर आलं की माझी गाडी अडायची. "प्र... तिष्ठा." मी थांबले की ती थांबायची, आणि तो थांबा तसाच तिच्या जिभेवर बसायचा. पुढे कुणा विद्वानानं पेपरात लिहिलं, 'ह्यांचे अर्थपूर्ण विराम'. अर्थपूर्ण कसले डोंबलाचे! माझ्या दुसरीचे होते ते. पण एक खरं सांगते, तिच्या तोंडून ऐकताना मलाही वाटायचं की ह्या शब्दाच्या मध्ये थांबायलाच हवं.

एक नियम मात्र कडक होता तिचा. आपलं वाक्य बिघडलं तर बिघडू दे, समोरच्याच्या तोंडी खोटं वाक्य घालायचं नाही. मी कंटाळून एखादी ओळ गाळली किंवा मनाचं काही म्हटलं, तर सुरी माझ्या हातातून काढून घ्यायची आणि म्हणायची, "वहिनी, हे ती म्हणणार नाही. नीट वाच."

तर ते नाटक. नायिकेला आम्ही घरात महाराणी म्हणायचो. दिसायला देखणी, वागायला चांगली, उगाच का वाईट बोला. पण त्या दिवशी दिव्यांच्या उजेडात, कॅमेऱ्यावरचा लाल दिवा लागलेला असताना, ती सगळं विसरली. तिची अकरा वाक्यं होती. घर सोडून चाललेली बाई शेजारणीला का जाते ते सांगते, ती. माझ्या नणंदेची वाक्यं चार. हातात धुतलेली वाटी, ती परत द्यायला आलेली. महाराणीनं तोंड उघडलं आणि आवाजच नाही. नणंद सांगते, कॅमेऱ्यामागचा तंत्रज्ञ हातवारे करतोय, पण मागून सांगावं तर माइकमध्ये येणार. आणि इथे शिंप्याच्या दुकानात आम्ही वीस माणसं श्वास धरून.

नणंदेनं वाटी पुसायला घेतली. पुसता पुसता म्हणाली, "बोलू नकोस. तू काय म्हणणार ते मला माहितीये. तू म्हणणार, हे घर माझं कधी नव्हतंच. तू म्हणणार, दार मी उघडायचे, पण येणारा यायचा तो दुसऱ्या कुणासाठी तरी." अशी अकराच्या अकरा. एक शब्द इकडचा तिकडे नाही. शेवटी 'मला माझं स्वा... तंत्र्य हवंय', तेही नेमकं माझ्या अडखळण्यासकट. त्या थांब्यात कॅमेरा महाराणीच्या चेहऱ्यावर गेला आणि तिच्या डोळ्यांतून पाणी आलं. दुसऱ्या दिवशी पेपरात तिचा फोटो, 'न बोलता बोलली'. तिथून ती जी वर गेली ती गेलीच. "मी मुद्दाम गप्प राहिले," हे ती तेव्हापासून सांगतेय. आणि आमची शेजारीण चाळीस वर्षं मूग गिळून बसलीये.

बरं, त्या दिवसाची फीत नाही. नाटक थेट होतं, नोंद केलेलीच नाही. सांगणारं काय ते माझं डोकं, आणि माझं डोकंही आता फार दिवसांचं पाहुणं नाही.

आज चार वाजता कार्यक्रमवाली परत येणार होती. घरातली थोडी दृश्यं घ्यायची राहिली होती म्हणे, आणि मलाही चार शब्द विचारणार होती. म्हणजे खोटं सुधारायची ही शेवटची संधी. मी सकाळीच दोन्ही मुलांना फोन केले. "या. तुमच्या आत्याचं डोकं फिरलंय."

थोरला बँकेत आहे, त्याला आम्ही साहेब म्हणतो, कारण तो घरातही अर्ज वाचल्यासारखा बोलतो. लेक शाळेत शिकवते, ती मास्तरीण. बारा वाजता दोघं आले. नणंद वर तिच्या खोलीत होती.

"आई, चाळीस वर्षांपूर्वीचं प्रकरण," साहेब म्हणाला. "कोणाचं काय बिघडतंय?"

"तुझ्या आत्याचं बिघडतंय! उद्या ती गेली तर पेपरात दोन ओळी येतील. शेजारणीची कामं करायची, बस्स."

"आत्याला हवं तसं बोलू दे ना. मुलाखत तिची आहे."

"दादा, तू गप्प बस," मास्तरीण म्हणाली. "तू लहानपणीही आत्याची बाजू कधी घेतली नाहीस."

ते त्याला लागलं. त्यानं मला नंतर सांगितलं, तेव्हा त्याच्या डोळ्यापुढे शाळेचं पटांगण आलं होतं. पोरं त्याला 'शेजारणीचा भाचा' म्हणून चिडवायची आणि तो घरी येऊन आत्याशी दोन दोन दिवस बोलायचा नाही. एकदा त्यानं तिला तोंडावर विचारलं होतं, "तुला राणीचं काम का देत नाहीत?" ती म्हणाली होती, "राणीच्या शेजारी कुणीतरी राहायला नको का रे?" तेव्हा तो हसला नव्हता. आज पन्नाशीला आलाय आणि ते वाक्य त्याला अजून बोचतं.

मास्तरणीचं वेगळं. ती त्या दिवशी शिंप्याच्या दुकानात माझ्या मांडीवर होती. सगळे महाराणीकडे बघून रडत होते तेव्हा ती एकटी वाटीकडे बघत होती. वाटी कोरडी झाली तरी आत्या पुसतेच आहे, हे तिनं पाहिलं होतं. आत्याचे हात थरथरत होते आणि आवाज नव्हता थरथरत. "वर्गात फळ्याकडे पाठ करून उभी राहते तेव्हा मला ती वाटी आठवते," ती म्हणते.

"पुरावा असता तर गोष्ट वेगळी," साहेब पुटपुटला.

"पुरावा आहे," मी म्हटलं. "कपाटावरची पत्र्याची पेटी काढ."

पेटीत तिच्या नाटकांची बाडं होती. मीच ठेवलेली. ते नाटक खालून तिसरं निघालं. कागद पिवळे, कडेला हळदीचे डाग, आणि महाराणीच्या अकरा वाक्यांपुढे पेन्सिलीनं एकेक बरोबरची खूण. नणंदेला एक वाक्य पाठ झालं की मी अशी खूण करायचे. तिच्या स्वतःच्या चार वाक्यांपुढे काही नाही. आणि खाली माझ्या अक्षरात, 'सगली पाट जाली'. तीन शब्दांत तीन चुका.

साहेबानं चष्मा काढला, पुसला, परत घातला. कागद उलटसुलट करून बघितले. मग म्हणाला, "नाटकाच्या आधीच्या आठवड्यातली तारीख आहे वर. आई, हे दाखवायलाच पाहिजे." बघा, माणूस कागद दिसला की पक्ष बदलतो.

तेवढ्यात जिना वाजला. नणंद कठडा धरून एकेक पायरी उतरत होती. आमच्याकडे बघितलं, टेबलावर बघितलं, आणि सगळं समजली. समोरच्याचं वाक्य आधीच ओळखायची सवय जाते का कुठे?

"पेटी काढलीत वाटतं," ती म्हणाली.

"काढली. काल खोटं का बोललीस ते सांग."

ती खुर्चीत बसली. माझ्याच. "वहिनी, मागच्या महिन्यात मी तिला बघायला गेले होते. महाराणीला. तिला आता कुणी ओळखू येत नाही. मुलाला म्हणते, तुम्ही कोण? मी गेले तर मलाही विचारलं, तुम्ही कोण? मी म्हटलं, शेजारीण. तर लगेच हसली आणि म्हणाली, तुम्हाला माहितीये, मी एकदा दीड मिनिट मुद्दाम गप्प राहिले होते. दुसरं काही आठवत नाही तिला. नवऱ्याचं नाव नाही. तेवढं एक उरलंय. तेही काढून घेऊ?"

मास्तरणीच्या डोळ्यांत पाणी आलं. झालं, ही गेली तिकडे. "आई, राहू दे ना," म्हणाली.

"का राहू दे?" आता साहेब तापला. "त्यांना कुठे कळणार आहे? त्या कार्यक्रम बघणार आहेत का?"

"त्यांचा मुलगा बघेल, दादा."

"म्हणून आत्यानं आयुष्यभर..."

बाराला साहेब तिकडे आणि मास्तरीण इकडे होती. आता उलटं. ह्या घरात एका बाजूला दोन माणसं तासभर टिकली तर मी पेढे वाटीन. माझ्याही आत कुठेतरी हललं होतं, खोटं कशाला सांगू. पण मी हट्टाची. म्हटलं, "चारला मला विचारणार आहेत. मी खरं ते सांगणार."

"सांग," ती म्हणाली. "मी तुला अडवत नाही."

आणि तिनं काय करावं? बाड टेबलावरून उचललं, खुर्चीवर ठेवलं आणि त्यावर बसली. सरळ बसली, जशी काही गादीच आहे.

"आत्या, ऊठ," साहेब म्हणाला.

"गुडघा दुखतोय."

"आत्ता जिना उतरलीस."

"म्हणूनच दुखतोय."

कार्यक्रमवाली चारच्या ठोक्याला आली. सोबत कॅमेरा धरणारा उंच माणूस आणि दिव्याची छत्री. तिला आत्याबाई खिडकीपाशी चालत जाताना हव्या होत्या. "आत्याबाई, उठता का जरा?"

"अगं, गुडघा," नणंद अशा चेहऱ्यानं म्हणाली की मलाच क्षणभर तिची दया आली. तीन वेळा नवरीची आई उगाच झाली नाही ती. साहेबानं खिडकी तिच्याजवळ आणता येते का असं बघितलं आणि मास्तरीण तोंडावर हात ठेवून आत पळाली.

मग माझी पाळी. मला नणंदेच्या शेजारी बसवलं. मी सकाळपासून आरशासमोर म्हणून बघितलं होतं. पहिलं वाक्य तयार, दुसरं तयार. साडी ठीक, केस ठीक. मला कुणाची भीती! ह्या घरात चार पिढ्या माझ्या आवाजाला दचकतात. दिवा लागला. तो लाल ठिपका लागला.

"काकू," कार्यक्रमवाली म्हणाली, "तुम्ही त्यांची नाटकं जवळून बघितलीत. त्या प्रसिद्ध दीड मिनिटाबद्दल काय सांगाल?"

मी तोंड उघडलं.

काही नाही. तोंडात वाळू. पहिलं वाक्य गेलं, दुसरं गेलं, माझं नाव विचारलं असतं तर तेही सांगता आलं नसतं. तो लाल ठिपका माझ्याकडे बघतोय, मी त्याच्याकडे. कानात नुसतं शूं. ज्या बाईनं जन्मभर दुसऱ्यांना गप्प केलं ती मी, आणि मला एक अक्षर सुचेना. साहेब सांगतो, मी पंधरा सेकंदं तशी होते. मला विचाराल तर मी तिथे एक उन्हाळा काढला.

तेव्हा माझ्या शेजारी नणंदेनं टेबलावरचा माझा रिकामा कप उचलला आणि रुमालानं पुसायला घेतला.

"तू बोलू नकोस वहिनी," ती म्हणाली. "तू काय म्हणणार ते मला माहितीये."

मास्तरीण दारात आली होती, ती तिथेच थिजली.

"तू म्हणणार," नणंद पुसता पुसता म्हणाली, आणि अडखळली. मी तिच्याकडे बघितलं. तिच्या लक्षात आलं होतं. मला सावरायचं तर माझं वाक्य द्यायला हवं. आणि माझं वाक्य काय आहे ते तिला पक्कं ठाऊक होतं. दुसरं देता आलं असतं. काहीतरी गोड, काहीतरी पोकळ. पण समोरच्याच्या तोंडी खोटं घालायचं नाही, हा नियम तिनं चाळीस वर्षांत एकदाही मोडला नव्हता.

"तू म्हणणार," ती हळू म्हणाली, "माझी नणंद काल खोटं बोलली. तू म्हणणार, ती नायिका वाक्यं विसरली होती. अकराच्या अकरा. ती हिला पाठ होती, कारण मी ओट्यापाशी वाचून दाखवली होती. तू म्हणणार, हिच्या थांब्यांचं कौतुक झालं, ते थांबे माझे होते, दुसरी शिकलेल्या बाईचे. तू म्हणणार, हिनं सगळ्यांची घरं सांभाळली आणि स्वतःच्या दारावर पाटी लावली नाही, ही काय प्र... तिष्ठा झाली?"

तिथे ती थांबली. नेमकी तिथे.

कार्यक्रमवालीनं मला रात्री फोनवर सांगितलं की तिनं तेव्हा हातातल्या प्रश्नांचा कागद घडी करून खिशात घातला. तिला समजलं होतं की चाळीस वर्षांपूर्वीची जी फीत कुठेच नाही, ती तिच्यासमोर चालू आहे.

"आत्याबाई," ती हलकेच म्हणाली, "त्या दिवशी असंच झालं होतं?"

नणंदेनं कप खाली ठेवला. "हे वहिनीचं झालं. आता माझं वाक्य सांगू? मला एकच आहे." ती कॅमेऱ्याकडे नाही, माझ्याकडे बघत होती. "ती बोलायचं विसरली, पण ऐकायचं विसरली नाही. दुसरी असती तर पळाली असती, नाहीतर काहीबाही बोलून माझं बोलणं तोडलं असतं. तिनं माझ्यावरची नजर काढली नाही. मी जे म्हणत होते ते तिला पहिल्यांदाच कळत असल्यासारखं ऐकलं. म्हणून ते पाणी खरं होतं. बोलायला कुणीही मिळतं. असं ऐकणारी मला परत मिळाली नाही." मग जराशी हसली. "वहिनी सोडून. पण ती तोंडी लागते."

कॅमेऱ्यावरचा दिवा विझला. तो उंच माणूस इतका वेळ खांबासारखा उभा होता. त्यानं नाक ओढलं आणि दिव्याच्या छत्रीची वायर उगाचच गुंडाळत बसला. साहेब नणंदेपुढे उकिडवा बसला आणि तिचा दुखरा गुडघा चोळायला लागला. त्याला माहीत होतं की गुडघा दुखत नाहीये. तिलाही माहीत होतं.

"आई," मास्तरीण माझ्या कानाशी म्हणाली, "तू खरंच विसरलीस, की मुद्दाम गप्प राहिलीस?"

सगळे माझ्याकडे बघायला लागले. आणि माझ्या तोंडून काय यावं? "मुद्दाम," मी म्हटलं. "मी मुद्दाम गप्प राहिले."

म्हणता म्हणता मला महाराणी कळली. सगळ्यांच्या देखत जीभ टाळ्याला चिकटली, आणि कुणीतरी शेजारी बसून आपलं उघडं पडणं झाकलं, तर दुसरं काय सांगणार माणूस? मी दहा मिनिटांत खोटं बोलले. ती चाळीस वर्षं बोलली, एवढाच फरक.

नणंद माझ्याकडे बघत होती. मी खरंच विसरले होते हे तिला ठाऊक होतं. आणि ते ती कुणाला सांगणार नव्हती, हे मला.

पण घरातली मोठी मी. शेवटचा शब्द माझाच. मी उठले, साडी सारखी केली आणि तिच्यासमोर जाऊन उभी राहिले.

"नणंदबाई," मी म्हटलं, "जन्मात एकदा खोटं बोललीस, तेही चार वाजेपर्यंतच टिकलं. हे काम तुझं नाही. आजची वाक्यं माझी होती, पण मला अशी जमली नसती. आता ऊठ. माझं अक्षर चुरगळतंय."